गेम परत येतो, सेव्ह येत नाही

प्रश्न : माझा मुलगा इंजिनिअरिंगसाठी पुण्याला गेला. त्याला तिकडे नवा लॅपटॉप घेऊन दिला आणि त्याचा जुना, ५१२ जीबीचा, आता घरी मी वापरते. शिलाईच्या ऑर्डरींचा हिशेब आणि टॅली, एवढंच माझं काम. पण सी ड्राइव्हची पट्टी लाल झाली आहे, विंडोजचं अपडेट अडकून बसलंय आणि जागा शिल्लक नाही असा संदेश सारखा येतो. डेस्कटॉपवर गेमची चित्रं होती, जीटीए, रेड डेड, व्हॅलोरंट, माइनक्राफ्ट. ती सगळी मी डिलीट केली, रिसायकल बिनही रिकामं केलं. तरी पट्टी लालच. मुलगा म्हणतो, "आई, कशालाही हात लावू नकोस, दिवाळीत येऊन बघतो." रेड डेड त्याने बक्षिसाच्या पैशांतून घेतला होता. तो काढला तर पैसे गेले का? आणि दिवाळीपर्यंत माझं काम कसं थांबवू?
– एक वाचक, इचलकरंजी

उत्तर : ताई, पहिली गोष्ट, अजून काहीही गेलेलं नाही. तुम्ही जी चित्रं काढलीत ते नुसते शॉर्टकट होते. त्यांच्या कोपऱ्यात छोटा बाण होता, आठवत असेल. दारावरची पाटी काढली म्हणून घर रिकामं होत नाही, तसंच हे. चारही गेम आत जसेच्या तसे आहेत. म्हणून पट्टी हलली नाही.

दिवाळीपर्यंत थांबायचं कारण नाही. पण मुलाचं म्हणणं अगदीच उडवून लावू नका, कारण त्याची काळजी रास्त आहे. फक्त ती गेमची नाही, सेव्हची आहे. हा फरक घरातल्या मोठ्यांनी समजून घ्यावा असं मला फार वाटतं, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

गेम म्हणजे कंपनीने बनवलेल्या फायली. जगभर लाखो कॉम्प्युटरवर त्या सारख्याच असतात. तुमच्याकडून पुसल्या गेल्या तर कंपनीच्या सर्व्हरवरून पुन्हा उतरवता येतात. सेव्ह म्हणजे त्या गेममध्ये तुमच्या मुलाने केलेली वाटचाल : कुठवर पोहोचला, काय मिळवलं, काय बांधलं. बरेचदा ती जगात एकाच ठिकाणी असते, या लॅपटॉपवर. आकाराने अगदी लहान, पुष्कळदा चार-दोन एमबी. जागा गेम खातो आणि जीव सेव्हमध्ये असतो.

आता पैशांचं. स्टीम, एपिक अशा दुकानांतून घेतलेला गेम त्या मुलाच्या खात्यावर लागलेला असतो, लॅपटॉपवर नाही. अनइन्स्टॉल केला तरी तो खात्याच्या लायब्ररीत राहतो आणि पुढे कधीही, कुठल्याही कॉम्प्युटरवर, पुन्हा पैसे न भरता उतरवता येतो. फुकट मिळालेल्या गेमलाही हेच लागू. मे २०२० मध्ये, लॉकडाऊनच्या दिवसांत, एपिकने जीटीए ५ आठवडाभर फुकट दिला होता आणि गर्दीने त्यांची वेबसाइटच कोलमडली होती. त्या आठवड्यात ज्या मुलांनी तो घेतला त्यांच्या खात्यात तो आजही आहे. तेव्हा पैसे सुरक्षित आहेत. एकच खातरजमा करा : ज्या ईमेलवर खातं आहे तो ईमेल मुलाला आजही उघडता येतो ना? शाळेतला जुना ईमेल किंवा बंद पडलेला मोबाइल नंबर असेल, तर तो आधी बदलून घ्यायला सांगा. गेम काढण्यापूर्वी मुलाला करायला लावायचं खरं काम हे आहे.

मग सेव्ह. रात्री मुलाला फोन लावा, स्पीकरवर ठेवा आणि एक रिकामा पेनड्राइव्ह जवळ घ्या.

व्हॅलोरंटचं काही ठेवायला नको. त्याची रँक, विकत घेतलेली सजावट, सगळं कंपनीच्या सर्व्हरवर असतं.

रेड डेड आणि जीटीए एकाच कंपनीचे. लॅपटॉपवर 'डॉक्युमेंट्स' उघडा, त्यात 'रॉकस्टार गेम्स' नावाचं फोल्डर असेल. ते अख्खं पेनड्राइव्हवर कॉपी करा. वनड्राइव्ह चालू असेल तर हे डॉक्युमेंट्स वनड्राइव्हच्या फोल्डरमध्ये सापडेल. स्टीमवर काही गेमच्या पानावर ढगाचं चिन्ह दिसतं, म्हणजे सेव्हची प्रत स्टीमकडेही जाते. पण ही सोय प्रत्येक गेमला नसते. ढग दिसला तरी पेनड्राइव्हवर कॉपी कराच.

माइनक्राफ्टला मात्र हात लावू नका. त्याने तुमची जागा फारशी अडवलेलीच नाही. इतर तिघांपुढे तो किरकोळ आहे. आणि चौघांत सगळ्यात मोलाचं काही असेल तर ते त्याच्यात आहे.

माझ्या दुकानात सहावीतली एक मुलगी वडिलांबरोबर आली होती. लॅपटॉप फॉरमॅट करायचा होता. वडील म्हणाले, "गेमच आहेत, उडवा सगळे." मुलगी काही बोलली नाही, नुसती काउंटरची कड धरून उभी राहिली. मी तिला म्हटलं, दाखव बरं काय आहे. तिने माइनक्राफ्ट उघडलं. आजोळचा वाडा उभा केला होता तिने, एकेक ठोकळा लावून. पुढे ओसरी. झोपाळा जमेना म्हणून तिथे साखळीला कंदील टांगलेला. मागे परस, परसात विहीर आणि रहाटाच्या जागी कुंपणाचे दोन खांब. माजघरात अंधार होता. का, विचारलं तर म्हणाली, "तिथे खरंच अंधार असतो." वडील खुर्ची ओढून बसले आणि कुठली खोली कुठे आहे ते तिला विचारायला लागले. तो अख्खा वाडा ज्या फोल्डरमध्ये होता ते शंभर एमबीचंसुद्धा नव्हतं. मिनिटभरात पेनड्राइव्हवर गेला, मग निवांत फॉरमॅट केलं.

हे फोल्डर सहजी दिसत नाही, म्हणून वाट लिहून ठेवते. कीबोर्डवरची विंडोजची कळ आणि आर एकत्र दाबा. छोटी चौकट उघडेल. तिच्यात टक्क्याचं चिन्ह, त्याला लागून इंग्रजीत 'ॲपडेटा', आणि पुन्हा टक्क्याचं चिन्ह असं टाइप करून एंटर दाबा. समोर येणाऱ्या यादीत, नावाच्या सुरुवातीला टिंब असलेलं माइनक्राफ्टचं फोल्डर असेल. त्यात 'सेव्ह्ज'. त्यातलं प्रत्येक फोल्डर म्हणजे मुलाने बांधलेलं एकेक जग. ही वाट माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीची. बेडरॉक आवृत्ती असेल तर गेममध्येच जगाच्या नावापुढे पेन्सिलचं चिन्ह असतं, त्यात शेवटी 'एक्स्पोर्ट वर्ल्ड' आहे. बेडरॉकला जास्त जपा. विंडोजच्या स्टोअरमधून घेतलेलं ॲप काढलं की त्याच्याबरोबर त्याचा डेटाही जाऊ शकतो.

एवढं झालं की काढायला बसा. आणि ताई, चारही गेम काढायची गरजच नाही. एकटा रेड डेड पुरे. कंपनी त्याच्यासाठी १५० जीबी जागा मागते. प्रत्यक्षात शंभरच्या वर तर तो नक्कीच घेऊन बसलेला असतो. स्टीमवरून घेतला असेल तर स्टीम उघडा. वर डाव्या कोपऱ्यात 'स्टीम' असं लिहिलंय, त्यात 'सेटिंग्ज', त्यात 'स्टोरेज'. तिथे आडवी पट्टी दिसेल आणि खाली गेमची यादी, कोणी किती जागा घेतली ते आकड्यांसकट. रेड डेडसमोरच्या चौकोनात खूण करा आणि 'अनइन्स्टॉल' दाबा. विंडोजच्या सेटिंग्जमध्ये 'ॲप्स', मग 'इन्स्टॉल्ड ॲप्स' अशीही यादी मिळते आणि ती आकाराप्रमाणे लावता येते. पण तिथे काही गेमसमोर आकडाच येत नाही, म्हणून गेमसाठी मी स्टीमची यादी पाहते.

एक चूक मात्र करू नका. विंडोजच्या यादीत 'स्टीम' हे नाव स्वतःच दिसेल. हे काय, नको असेल, म्हणून ते काढू नका. स्टीम काढलं की त्याच्या फोल्डरमधले सगळे गेम एका झटक्यात जातात आणि काही गेमच्या सेव्हही त्याच फोल्डरात असतात.

व्हॅलोरंट काढायचा ठरवलात तर यादीत 'रायट व्हॅनगार्ड' नावाचा आणखी एक प्रोग्राम असेल, तो वेगळा काढावा लागतो. व्हॅलोरंट गेला तरी तो मागे राहतो आणि लॅपटॉप चालू झाला की दर वेळी आधी स्वतः चालू होतो. खेळणारं कोणी नसेल तर त्याचं तिथे काही काम नाही.

पट्टी लाल होते ती मोकळी जागा दहा टक्क्यांच्या खाली गेल्यावर. मी म्हणेन, पंधरा-वीस टक्के मोकळी ठेवाच. एसएसडीला, म्हणजे चिपवर डेटा ठेवणाऱ्या डिस्कला, आतल्या आत डेटा हलवून नव्या लेखनासाठी कप्पे रिकामे करावे लागतात. ती तुडुंब भरली की हे काम अडतं आणि सगळा लॅपटॉप रेंगाळायला लागतो. विंडोजच्या मोठ्या अपडेटलाही वीस-पंचवीस जीबी हाताशी असलेले बरे. आणि टॅलीचा बॅकअप त्याच पेनड्राइव्हवर आजच घ्या. मुलाच्या सेव्हइतकाच तुमचा हिशेबही एकाच ठिकाणी आहे.

प्रश्न : मी नांदेडला हॉस्टेलला राहतो. लॅपटॉपला २५६ जीबीची एसएसडी आहे. स्टीमवरचे दोनच मोठे गेम आहेत, पण तेवढ्यानेच भरली. सेमिस्टरमध्ये खेळायला वेळ नसतो, सुट्टीत खेळतो. दर वेळी काढून पुन्हा डाउनलोड करायचं म्हटलं तर नेट मोबाइलचं, रोज २ जीबी. गेम एवढे मोठे का करतात? काही मार्ग आहे का?
– एक विद्यार्थी

उत्तर : तुझा हिशेब आधी करू. १०० जीबीचा गेम, रोज २ जीबी, म्हणजे पन्नास दिवस. तेही दुसरं काहीच न पाहता. सुट्टी संपून जाईल. घरी ४० एमबीपीएसचं फायबर असेल तर तोच गेम साडेपाच तासांच्या आसपास उतरतो. म्हणून तुझ्यासारख्याला मी 'काढून टाक' असं सांगणार नाही, 'हलव' म्हणेन.

एक बाहेरची हार्ड डिस्क घे, साधी फिरत्या तबकडीची चालेल. ती एनटीएफएस किंवा एक्सफॅट पद्धतीने फॉरमॅट केलेली असू दे. फॅट ३२ असेल तर ४ जीबीपेक्षा मोठी फाइल तिच्यावर बसत नाही आणि गेममध्ये तशा फायली असतातच. लॅपटॉपच्या निळ्या यूएसबी पोर्टला जोड. स्टीमच्या त्याच 'स्टोरेज'च्या पानावर ती नवा ड्राइव्ह म्हणून जोडता येते. मग गेमसमोर खूण कर, 'मूव्ह' दाब. सेकंदाला १०० एमबीचा वेग मिळाला तर १०० जीबीला सतरा मिनिटं लागतात. बारीक फायली पुष्कळ असतात, तेव्हा तू अर्धा-पाऊण तास धर. काम पूर्ण होईपर्यंत वायरला धक्का लागू देऊ नकोस. सुट्टी लागली की तसाच उलटा परत आण. डिस्कवरूनच खेळता येतं, पण लोडिंगला फार वेळ जातो.

आता गेम मोठे का, याबद्दल. तू विचारलंस याचा मला आनंद झाला, कारण हा प्रश्न कंपन्यांना विचारला जायलाच हवा. १९९९ मधला एज ऑफ एम्पायर्स २ हार्ड डिस्कवर २०० एमबी जागा मागायचा. आजचा एक रेड डेड म्हणजे तसे साडेसातशे. यातला मोठा वाटा रास्त आहे. फोर-के पडद्यावर दगडाची भेग न् भेग दिसायची तर तिचं चित्रही तेवढं मोठं लागतं. संवाद अनेक भाषांत ध्वनिमुद्रित केलेले असतात. पण सगळंच रास्त नसतं. २०१४ चा टायटनफॉल पीसीवर ४८ जीबीचा होता आणि त्यातले ३५ जीबी नुसता आवाज होता, न दाबलेला. कमी ताकदीच्या प्रोसेसरला खेळता खेळता आवाज उलगडण्याचं काम पडू नये, म्हणून तो तसाच ठेवला होता.

त्याहून बोलकं उदाहरण हेलडायव्हर्स २ चं. पीसीवर तो दीडशे जीबीच्या वर गेला होता. कारण एकच फाइल अनेक जागी पुन्हा पुन्हा ठेवलेली होती. फिरत्या तबकडीच्या डिस्कमध्ये वाचणारी सुई इकडून तिकडे हलवावी लागते, त्यात वेळ जातो. हवी ती फाइल जवळच सापडावी म्हणून जागोजागी तिच्या प्रती. एसएसडीत सुईच नाही, म्हणजे एसएसडी असलेल्यांना या प्रतींचा काडीचा उपयोग नव्हता. २०२५ च्या शेवटी कंपनीने त्या प्रती काढल्या आणि गेम २३ जीबीवर आला. खेळणाऱ्यांनी तक्रारी लावून धरल्या आणि कंपनीने ऐकलं. इतर कंपन्यांनीही हे करावं. आपल्याकडे २५६ जीबीच्या एसएसडीवर शिकणारी मुलं पुष्कळ आहेत, त्यांचा विचार गेम बनवताना व्हायला हवा.

आणि हो, 'हाय रिझोल्यूशन टेक्श्चर' किंवा जास्तीच्या भाषा असं वेगळं पॅक गेमला जोडलेलं असेल, तर स्टीममध्ये गेमच्या 'प्रॉपर्टीज'मध्ये जाऊन 'डीएलसी' पाहा. नको त्याची खूण काढली की तेवढाच भाग जातो. तुझ्या लॅपटॉपचा पडदा फोर-के नसेल तर त्या टेक्श्चरचा तुला उपयोग नाही.

प्रश्न : नातवाने माझ्या कॉम्प्युटरवर ब्लूस्टॅक्स घालून मोबाइलवरचे गेम घेतले होते, फ्री फायर मॅक्स, लुडो किंग वगैरे. तो गेल्यावर मी ब्लूस्टॅक्स उघडून ते एकेक करून काढले. जागा काही वाढली नाही. उलट थोडी कमीच दिसते.
– एक ज्येष्ठ वाचक, म्हापसा

उत्तर : काका, तुम्ही काढलेत ते बरोबरच, पण ब्लूस्टॅक्सचा स्वभाव वेगळा आहे. तो तुमच्या डिस्कवर एक मोठी फाइल करून तिच्यात अख्खा अँड्रॉइड फोन बसवतो. गेम घातले की ती फाइल फुगते. गेम काढले की आत जागा होते, पण फाइल आपोआप लहान होत नाही. बाहेरून पाहणाऱ्या विंडोजला ती तेवढीच दिसते.

नातू पुन्हा येऊन खेळणार असेल तर ब्लूस्टॅक्सच्या 'मल्टी-इन्स्टन्स मॅनेजर'मध्ये 'डिस्क क्लीनअप' आहे, ते चालवा. खेळणार नसेल तर ब्लूस्टॅक्सच काढा. नंतर सी ड्राइव्हमधलं 'प्रोग्रामडेटा' हे फोल्डर पाहा. ते लपलेलं असतं, 'व्ह्यू'मध्ये 'हिडन आयटम्स'वर खूण केली की दिसेल. तिथे ब्लूस्टॅक्सच्या नावाने काही उरलं असेल तर ते कंपनीच्याच क्लीनरने काढा. तो त्यांच्या अधिकृत साइटवर फुकट मिळतो. दुसरीकडून 'पीसी फास्ट करा' म्हणणारे क्लीनर घेऊ नका. माझ्याकडे येणाऱ्या पुष्कळ कॉम्प्युटरमध्ये मूळ दुखण्यापेक्षा त्या क्लीनरनी केलेली मोडतोड निस्तरायलाच जास्त वेळ लागतो.

काढण्यापूर्वी नातवाला फोन करून विचारा. फ्री फायरचं त्याचं खातं गुगलला किंवा फेसबुकला जोडलेलं असेल तर सगळं सुरक्षित आहे. नुसतं 'गेस्ट' म्हणून खेळला असेल तर ब्लूस्टॅक्सबरोबर तेही जाईल. तो 'गेस्ट' म्हणाला, तर तो येऊन खातं जोडेपर्यंत राहू द्या.

प्रश्न : ५१२ जीबीची एसएसडी बसवून घेतली. विंडोजमध्ये ४७६ जीबीच दिसते. दुकानदाराने फसवलं का? एकही गेम घातलेला नाही.
– एक वाचक, डोंबिवली

उत्तर : नाही फसवलं. डिस्क बनवणारे हजाराच्या पटीत मोजतात, विंडोज १०२४ च्या पटीत. ५१२ अब्ज बाइटना १०२४ ने तीनदा भागून पाहा, ४७६.८ येतं. त्याच हिशेबाने २५६ ची २३८ दिसते आणि एक टीबीची ९३१. त्यातही रिकव्हरीचं छोटं पार्टिशन असतं, ते वेगळं. गेम विकत घेताना पाटीवरची ५१२ धरू नका, ४७६ धरा. त्यातून विंडोज आणि पंधरा-वीस टक्के मोकळी जागा वजा करा. तुमच्या हाताशी साधारण साडेतीनशे जीबी राहतात. मोठे म्हणावेत असे दोन गेम त्यात आरामात बसतील. तिसरा घ्यायचा झाला तर आधीच्या दोघांपैकी कोणाच्या सेव्ह कुठे आहेत ते शोधून ठेवा.